जेवल्यानंतर उतरणारी साखर : प्रस्तावना

जेवल्यावर रक्तातली साखर वाढते, हे आता घरोघरी ठाऊक झालं आहे. उपाशीपोटीची एक आणि जेवणानंतर दोन तासांची एक, अशा दोन तपासण्यांचे रिपोर्ट कपाटात नाहीत असं घर शहरात शोधावं लागेल. पण जेवून दोन-तीन तास झाले की हात थरथरतात, घाम फुटतो, छातीत धडधडतं, समोरच्याचं बोलणं डोक्यात शिरत नाही आणि काहीतरी गोड तोंडात टाकल्याशिवाय राहवत नाही, ही तक्रार घेऊन येणाऱ्या माणसाला मात्र धड उत्तर मिळत नाही. कोणी म्हणतं पित्त झालं असेल, कोणी म्हणतं बीपी लो झालं, कोणी सगळं टेन्शनवर ढकलून मोकळं होतं. रिपोर्ट काढला तर उपाशीपोटी 88, जेवणानंतर 104. सगळं नॉर्मल. माणूस घरी जातो आणि दुसऱ्या दिवशी साडेअकराच्या सुमारास त्याचे हात पुन्हा थरथरू लागतात.

हे पुस्तक या माणसासाठी लिहिलं आहे. वैद्यकात या अवस्थेला रिअ‍ॅक्टिव्ह हायपोग्लायसेमिया म्हणतात: खाण्याला उत्तर म्हणून, खाल्ल्यानंतर साधारण चार-पाच तासांच्या आत उतरणारी साखर. या विषयात दोन अन्याय सर्रास होतात. पहिला, त्रास मनाचा आहे असं सांगून रुग्णाला वाटेला लावलं जातं. दुसरा, एकही आकडा हाती नसताना ‘शुगर लो होते’ असं ठरवून माणूस आयुष्यभर खिशात चॉकलेट घेऊन फिरतो. त्रास खोटा नसतो, पण प्रत्येक थरथर म्हणजे उतरलेली साखरही नसते. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या मानून पुढे जाता येतं, असं माझं ठाम मत आहे.

विषय समजून घेण्यासाठी आधी एक हिशेब पाहू. प्रौढ माणसाच्या अंगात सुमारे पाच लिटर रक्त असतं आणि उपाशीपोटी दर डेसिलिटरमागे 90 ते 100 मिलिग्रॅम साखर. म्हणजे सगळ्या रक्तात मिळून साखर भरते जेमतेम पाच ग्रॅम, चहाचा एक चमचा. दोन पोळ्या आणि वाटीभर भात खाल्ला की पुढच्या दोन-तीन तासांत आतड्यातून साठ-सत्तर ग्रॅम ग्लुकोज आत येतं. मूळ साठ्याच्या बारा-चौदा पट माल येऊनही निरोगी माणसाची साखर सहसा 140 च्या वर जात नाही आणि 70 च्या खाली घसरत नाही. शरीराची ही करामत रोज तीनदा बिनबोभाट पार पडते, म्हणून तिचं नवल वाटत नाही.

ती पार पडते ती अशी. अन्न आतड्यात पोचलं की आतड्याच्या भिंतीतून जीएलपी-1 सारखी संप्रेरकं सुटतात आणि स्वादुपिंडाला आगाऊ खबर देतात. बीटा पेशींत तयार असलेलं इन्शुलिन पहिल्या दहा मिनिटांत बाहेर पडतं, मागून नवं येत राहतं. साखर उतरत 80-85 ला आली की हा स्राव आटतो. तरीही ती घसरत राहिली, तर 65-70 च्या आसपास ग्लुकॅगॉन आणि अ‍ॅड्रिनलिन धावून येतात आणि यकृताला साठवलेली साखर सोडायला लावतात. 55 च्या आसपास माणसाला लक्षणं जाणवतात. थरथर, घाम, धडधड, भूक ही अ‍ॅड्रिनलिनची लक्षणं. त्याहून खाली गेल्यावर मेंदूची सुरू होतात: शब्द न सुचणं, नजर धूसर होणं, चिडचिड, असंबद्ध बोलणं, शेवटी शुद्ध हरपणं. या दोन गटांतला फरक वाचकाने मनात पक्का ठेवावा. पहिला गट भीतीनेही येतो, जागरणानेही येतो, थायरॉइड वाढल्यानेही येतो. दुसऱ्या गटातलं एक जरी लक्षण असलं तरी ते अंगावर काढू नये.

ही व्यवस्था बिघडते ती मुख्यतः तीन प्रकारे, आणि घड्याळावरून त्यांचा अंदाज बांधता येतो. पोटाची शस्त्रक्रिया झालेल्यांमध्ये अन्न जठरात रेंगाळत नाही, थेट आतड्यात कोसळतं, साखर झरझर चढते, इन्शुलिन भरमसाट सुटतं आणि एक ते तीन तासांत घसरण होते. मधुमेहाच्या उंबरठ्यावर असलेल्यांमध्ये पहिलं इन्शुलिन वेळेवर निघत नाही. मग ते उशिरा आणि जास्त निघतं, आणि अन्न संपल्यावरही त्याचं काम चालू राहतं. यांची साखर चौथ्या-पाचव्या तासाला उतरते. तिसरा गट यांच्या अधेमधे, तीन तासांच्या आसपास त्रास होणाऱ्यांचा. हे बहुधा सडपातळ असतात, काहींचं शरीर इन्शुलिनला फार चटकन दाद देतं, काहींत ग्लुकॅगॉन कमी पडतं, आणि अनेकांत ठोस कारण सापडत नाही. वादाचा सगळा धुरळा या तिसऱ्या गटाभोवती उडाला आहे.

त्या वादाला शंभर वर्षं झाली. 1921 मध्ये टोरांटोत इन्शुलिनचा शोध लागला, 1922 च्या जानेवारीत ते पहिल्यांदा एका मुलाला टोचलं गेलं. डोस जास्त झालेल्या रुग्णांना थरथर आणि घाम येतो, हे डॉक्टरांना लगेच दिसू लागलं. अमेरिकेत अलाबामामधल्या बर्मिंगहॅमचे डॉ. सील हॅरिस यांना वाटलं, अगदी हीच लक्षणं मी इन्शुलिन कधीच न घेतलेल्या माणसांतही पाहतो आहे. 1924 मध्ये त्यांनी ते प्रसिद्ध केलं आणि शरीर स्वतःच जास्त इन्शुलिन तयार करू शकतं, ही कल्पना वैद्यकात आली. डोळ्यांसमोर असलेल्या पण कोणी न जोडलेल्या दोन गोष्टी जोडण्याची ही दृष्टी मला फार मोलाची वाटते.

पुढच्या दशकात न्यूयॉर्कचे शल्यविशारद अ‍ॅलन व्हिपल यांनी या क्षेत्राला शिस्त दिली. स्वादुपिंडात इन्शुलिन बनवणारी गाठ असेल तर ती कापायची कोणाची आणि नाही कोणाची, हा त्यांच्यापुढचा प्रश्न होता. त्यांनी तीन अटी घातल्या: लक्षणं असली पाहिजेत, त्याच वेळी मोजलेली साखर कमी असली पाहिजे आणि साखर वाढवल्यावर लक्षणं गेली पाहिजेत. तिन्ही हवीत. 2009 मध्ये अमेरिकेच्या एंडोक्राइन सोसायटीने मार्गदर्शक सूचना काढल्या त्याही याच पायावर, आणि मधुमेह नसलेल्यांसाठी 55 च्या खालचा आकडा त्यात धरला गेला.

मधल्या काळात मात्र लोकांनी हा विषय डॉक्टरांच्या हातून काढून घेतला. 1950 नंतरच्या अमेरिकेत थकवा, नैराश्य, डोकेदुखी, व्यसन, सगळ्याच्या मुळाशी उतरलेली साखर आहे असं सांगणारी पुस्तकं हातोहात खपली. अखेर 1973 मध्ये अमेरिकन मेडिकल असोसिएशन, अमेरिकन डायबिटीस असोसिएशन आणि एंडोक्राइन सोसायटी या तीन संस्थांनी एकत्र निवेदन काढून सांगितलं की लोकांना वाटतो तितका हा विकार मुळीच सर्रास नाही आणि या सगळ्या तक्रारींशी त्याचा संबंध पुराव्याने सिद्ध झालेला नाही.

निवेदन रास्त होतं, पण त्याचा परिणाम दुसऱ्या टोकाला गेला. डॉक्टर अशा रुग्णांकडे संशयाने पाहू लागले. त्यात तपासणीच सदोष निघाली. तोवर निदान होत असे ते ग्लुकोजचं पाणी पाजून, पाच तास दर अर्ध्या-एक तासाने रक्त काढून. 1980 च्या आसपास हीच तपासणी ठणठणीत माणसांवर केली तेव्हा दहातल्या एकाची साखर 50 च्या आसपास वा खाली गेली आणि त्यांना काहीही झालं नाही. उलट, ज्यांना आजारी ठरवलं होतं त्यांना रोजच्यासारखं जेवण दिलं तर बहुतेकांची साखर उतरलीच नाही. ग्लुकोजचं पाणी म्हणजे जेवण नव्हे, एवढी साधी गोष्ट ध्यानात यायला साठ वर्षं लागली. तेव्हापासून हे निदान ग्लुकोजच्या पाण्यावरून करू नये असा संकेत ठरला. आपल्याकडे अजूनही कुठेकुठे ते त्याच तपासणीवरून केलं जातं. असा रिपोर्ट कोणी हातात ठेवला तर वाचकाने नम्रपणे पण जरूर प्रश्न विचारावा.

या कोरड्या काळातला एक सुरेख प्रयोग सांगायचा मोह आवरत नाही. 1977 मध्ये ब्रिटनमध्ये ओकीफ आणि व्हिन्सेंट मार्क्स यांनी निरोगी माणसांना रिकाम्या पोटी जिन आणि टॉनिक दिलं. नुसतं साखरेचं टॉनिक किंवा बिनसाखरेच्या टॉनिकमधली जिन यांनी जे होत नव्हतं, ते दोन्ही एकत्र आल्यावर झालं: साखर चढली आणि मग मूळ पातळीच्या बरीच खाली उतरली. मद्य इन्शुलिनचा जोर वाढवतं आणि यकृताचा हातही बांधून ठेवतं. रिकाम्या पोटी कोल्ड्रिंक घालून मद्य घेणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

विषयाला पुन्हा मान मिळाला तो शस्त्रक्रियांमुळे. लठ्ठपणासाठी जठराचा बायपास करून घेणाऱ्यांची संख्या वाढली आणि 2005 मध्ये मेयो क्लिनिकच्या डॉक्टरांनी अशा सहा रुग्णांची हकिगत प्रसिद्ध केली, ज्यांची साखर शस्त्रक्रियेनंतर जेवल्यावर गंभीर रीतीने उतरत होती. आधी वाटलं, स्वादुपिंडातल्या पेशी वाढल्या आहेत. पुढच्या अभ्यासाने लक्ष आतड्याकडे वळवलं: बायपासनंतर जीएलपी-1 अनेक पटींनी सुटतं, आणि त्याला अडवलं तर घसरण थांबते. ज्या संप्रेरकाची नक्कल करणारी इंजेक्शनं आज वजन कमी करण्यासाठी गाजत आहेत, तेच हे. मुंबई-पुण्यात या शस्त्रक्रिया आता नवलाच्या राहिलेल्या नाहीत. एक-दोन वर्षांनी चक्कर आणि घाम सुरू झालेल्या माणसाला तो अशक्तपणा वाटतो, घरचे त्याला शिरा आणि फळांचा रस देतात आणि त्रास वाढतो.

दुसरा धागा आपल्या अगदी दारातला आहे. पुण्याच्या केईएम रुग्णालयाचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी दाखवून दिलं की भारतीय माणूस बारीक दिसला तरी त्याच्या अंगात चरबी जास्त असते. 2004 मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये छापलेलं त्यांचं आणि ब्रिटनच्या डॉ. जॉन युडकिन यांचं छायाचित्र जगभर गाजलं: दोघांचा बीएमआय सारखाच, 22.3, पण एकाच्या शरीरात चरबी 9.1 टक्के, दुसऱ्याच्या, म्हणजे याज्ञिकांच्या, 21.2 टक्के. चरबी जास्त आणि स्नायू कमी असले की इन्शुलिनचा प्रभाव कमी पडतो आणि स्वादुपिंडाला ते जास्त तयार करावं लागतं. आयसीएमआरच्या 2023 साली प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी पाहणीनुसार भारतात सुमारे 10.1 कोटी लोकांना मधुमेह आहे आणि 13.6 कोटी त्याच्या उंबरठ्यावर आहेत. यांतल्या काहींना पहिली सूचना वाढलेल्या साखरेने मिळणार नाही, तर दुपारी चार-साडेचारच्या थरथरीने मिळेल. ती ओळखता आली तर मधुमेह लांबवायला वेळ हाती राहतो. हा विषय आज मराठीत यावा असं वाटण्याचं माझ्यापुरतं सगळ्यात मोठं कारण हेच आहे.

महाराष्ट्रात इन्शुलिन हा शब्द चहाच्या टपरीपर्यंत पोचवला तो डॉ. श्रीकांत जिचकार यांच्या व्याख्यानांनी आणि पुढे डॉ. जगन्नाथ दीक्षित यांच्या मोहिमेने: दिवसातून दोनदाच जेवा, 55 मिनिटांत जेवण संपवा, मधे काही खाऊ नका. दुसरीकडे ऋजुता दिवेकर थोडं थोडं, दर दोन तासांनी, आपल्या मातीतलं खा असं सांगत आल्या. घराघरांत यावरून वाद झाले. दोन्ही पद्धतींचा रोख वजन, मधुमेह आणि एकूण आरोग्य यांवर आहे. साखर उतरणाऱ्या माणसासाठी त्यांतली एकही बेतलेली नाही. दोनच जेवणं करायची म्हटली की ताट मोठं होतं, आणि पोळी-भाताने भरलेलं मोठं ताट हेच या माणसाचं दुखणं. दर दोन तासांनी खायचं म्हटलं की हाताशी येतात चहा आणि बिस्किटं, म्हणजे दर दोन तासांनी नवा चढ, नवा उतार. किती वेळा खाल्लं यापेक्षा प्रत्येक वेळी काय खाल्लं, हे इथे जास्त महत्त्वाचं.

म्हणून न्याहारीकडे जरा जवळून पाहू. साठ ग्रॅम कोरडे पोहे भिजवून केलेल्या बशीत सुमारे 45 ग्रॅम कर्बोदकं असतात आणि शेंगदाणे धरले नाहीत तर प्रथिनं जेमतेम चार ग्रॅम. सोबत दोन चमचे साखरेचा चहा. सकाळी साडेआठला हे खाऊन निघालेल्याचे हात साडेअकराला थरथरले तर त्यात आश्चर्य नाही. पोहे सोडा असं मी म्हणणार नाही. पोहे निम्मे करावेत, त्यांत मूठभर मटार आणि शेंगदाणे सढळ हाताने घालावेत, सोबत अंडं किंवा वाटीभर मोडाची उसळ घ्यावी, चहा बिनसाखरेचा किंवा अर्धा चमचा साखरेचा. एकादशीची साबुदाण्याची खिचडी याहून कठीण, कारण साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट. त्यात दाण्याचं कूट आहे म्हणून ती निभावून जाते. दाणे आणि दही वाढवणं हा तिथला मार्ग, आणि उपास सोडताना सरबत किंवा उसाचा रस आधी पोटात न घालणं हा दुसरा.

जेवणाचा क्रमही कामाचा आहे. भाज्या आणि प्रथिनं आधी, पिष्ट शेवटी, असं खाल्लं तर जेवणानंतरची साखर कमी चढते, हे मधुमेहींवरच्या अभ्यासांत दिसलं आहे. आणि कमी चढलेली साखर धाडकन उतरायची शक्यताही कमी. आपल्या पंगतीत पहिला येतो वरणभात. कोशिंबीर आणि उसळ आधी संपवून मग भाताकडे वळण्यात कोणाचाच अपमान होत नाही. जेवणानंतरची शतपावली चांगलीच, कारण चालणारा स्नायू इन्शुलिनची फारशी वाट न पाहता साखर ओढून घेतो आणि चढ बोथट करतो. मात्र जेवून तीन तासांनी, रिकाम्या होत चाललेल्या पोटी, जोरदार व्यायाम टाळावा.

औषधांचा भाग पुस्तकात आहे, पण इथे दोनच इशारे. अकार्बोज किंवा व्होग्लिबोज या गोळ्या पिष्टाचं पचन लांबवून घसरण रोखतात, पण त्या घेणाऱ्याची साखर खरंच उतरली तर घरातली साखर लवकर उपयोगी पडत नाही. तिचं विघटनही लांबलेलं असतं. त्याने ग्लुकोज पावडरच जवळ ठेवावी. दुसरा इशारा अल्फा लिपोइक अ‍ॅसिडबद्दल. हातापायांच्या मुंग्यांसाठी मेथिलकोबालामिनच्या जोडीने ते आपल्याकडे सर्रास लिहून दिलं जातं. क्वचित एखाद्या माणसात ते इन्शुलिनविरुद्ध प्रतिपिंडं तयार करवतं आणि साखर भलत्याच वेळी, भलतीच खाली जाते. हिराता यांनी 1970 मध्ये जपानमध्ये हा विकार प्रथम वर्णन केला. नवी गोळी सुरू झाल्यावर लक्षणं सुरू झाली असतील तर सगळ्या गोळ्यांची पाकिटं डॉक्टरांपुढे ठेवावीत.

दंडावर चिकटवायच्या सेन्सरने आता नवा पेच आणला आहे. मधुमेह नसलेली माणसंही तो लावून दिवसभर आलेख पाहतात आणि 65 दिसलं की घाबरतात. सेन्सर रक्तातली साखर मोजत नाही, पेशींभोवतालच्या द्रवातली मोजतो आणि काही मिनिटं मागे असतो. रात्री त्या कुशीवर झोपलं तरी तो खोटा नीचांक दाखवतो. बोटाचं ग्लुकोमीटरही अचूक नाही: आंतरराष्ट्रीय मानकाप्रमाणे 100 च्या खाली 15 पर्यंतचा फरक चालतो, म्हणजे यंत्रावरचे 62 प्रत्यक्षात 75 असू शकतात किंवा 50. म्हणून एका आकड्यावर निदान करू नये. शंका खरी वाटली तर शिरेतून घेतलेलं रक्त प्रयोगशाळेत तपासावं लागतं. तरी सेन्सर निरुपयोगी नाहीत. 2021 मध्ये सेन्सर लावलेल्या 1,070 लोकांवरचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. न्याहारीनंतर दोन-तीन तासांनी ज्यांची साखर मूळ पातळीखाली जास्त उतरत होती, त्यांना लवकर भूक लागत होती आणि ते दिवसभरात जास्त खात होते. ही घसरण आजाराच्या व्याख्येत बसणारी नव्हती, तरी माणसाच्या वागण्यावर तिचा परिणाम होत होता. ज्यांना पन्नास वर्षं ‘तुम्हाला काही झालेलं नाही’ असं ऐकावं लागलं, त्यांतल्या काहींना इथे थोडा न्याय मिळतो.

पुस्तकाचा आवाका मर्यादित ठेवला आहे. इन्शुलिन किंवा ग्लिमेपिराइडसारख्या गोळ्या घेणाऱ्या मधुमेहींची साखर उतरणं हा निराळा आणि जास्त धोक्याचा विषय आहे; त्यांनी इथला सल्ला स्वतःवर लागू करू नये. उपाशीपोटी, पहाटे किंवा झोपेत साखर उतरत असेल, शुद्ध हरपत असेल, तर पुस्तक बाजूला ठेवून हार्मोनतज्ज्ञाकडे जावं. तिथे गाठ शोधावी लागते आणि त्यासाठी रुग्णालयात बहात्तर तासांपर्यंत उपाशी ठेवून तपासणी होते. बाकीच्यांसाठी इथे शरीराची कामाची पद्धत, निदानाची शिस्त आणि मराठी स्वयंपाकघरात जमतील असे बदल आहेत. हमखास गुण देणारा आहाराचा तक्ता मुद्दाम दिलेला नाही, कारण वऱ्हाडातली भाकरी, कोकणातला भात आणि दुबईत नोकरी करणाऱ्याचा डबा एका तक्त्यात बसत नाहीत.

वाचायला बसण्याआधी एक काम करा. घरात ग्लुकोमीटर नसेल तर आठवडाभरासाठी कोणाचा तरी मागून आणा. पुढच्या वेळी त्रास सुरू होईल तेव्हा गोड खाण्याआधी हात धुऊन, पुसून बोटातून साखर मोजा. भोवळ येत असेल तर मात्र आधी तीन चमचे साखर किंवा ग्लुकोज पाण्यातून घ्या, मोजणं नंतर. शुद्ध हरपलेल्या माणसाच्या तोंडात काही घालू नका, त्याला रुग्णालयात न्या. पंधरा मिनिटांनी पुन्हा मोजा आणि बरं वाटल्यावर मूठभर फुटाणे किंवा शेंगदाणे खा, नुसत्या गोडावर थांबू नका. तारीख, वेळ, आधीचं जेवण किती वाजता आणि नेमकं काय, दोन्ही आकडे आणि लक्षणं किती वेळात गेली, हे वहीत लिहा. अशा तीन-चार नोंदी झाल्या की ती वही घेऊन डॉक्टरांकडे जा. जाडजूड फाइलपेक्षा तुमचं म्हणणं त्या वहीवरून त्यांना लवकर कळेल.